बारशातला वरवंटा

वर्तमानपत्रात वरवंटा भेटतो तो ‘दडपशाहीचा’. घरात मात्र तोच दगड कुंची घालून बाळ होतो.

बारशाला पाळण्याच्या दोन बाजूंना दोघी जणी उभ्या राहतात. ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या’ म्हणत गुंडाळलेला वरवंटा वरून-खालून एकमेकींकडे देतात. क्रम घरागणिक बदलतो. बाळ दगडासारखं दणकट व्हावं, हा सरळ अर्थ. पण 25 सेंमी लांब आणि 8 सेंमी जाड काळ्या दगडाचा वरवंटा भरतो साधारण साडेतीन किलो, म्हणजे जवळपास नवजात बाळाएवढाच! पाळण्याची दोरी आणि कडी तपासायला याहून नेमकं वजन कुठलं? हा माझा तर्क. परंपरा असं काही सांगत नाही.

वरवंटा आदल्या दिवशी धुऊन कोरडा करा, नाहीतर मसाल्याचा वास आणि हळदीचा डाग कुंचीला लागतो. रेशमी कापडातून तो सटकतो, म्हणून आधी सुती पंचा घट्ट गुंडाळा, कुंची त्यावर. पाळण्यात ठेवलात तर तो घरंगळतो. तो बाहेर काढल्यावरच बाळाला आत ठेवायचं, दोघं एकत्र कधीच नकोत.

त्याआधी अनेक घरांत पाचवीला पाटा-वरवंटा मांडून सटवाई पूजतात. लग्नात लाजाहोमाच्या वेळी वधू दगडावर पाय ठेवते, तिथला मंत्रही ‘अश्मेव त्वं स्थिरा भव’, दगडासारखी स्थिर हो, असाच.

गंमत म्हणजे हा स्थिर दगड झिजतो. वाटण नुसतं घसरू लागलं, खोबरं भरडच राहिलं, की पाट्याला टाकी लावायची, म्हणजे छिन्नीने खाचा पाडायची, वेळ झाली. खाचा उथळ हव्यात. खोल पडल्या तर त्यात वाटण अडकून आंबतं. टाकी लावल्यावर मूठभर भिजवलेले तांदूळ वाटून फेकायचे, पुन्हा वाटायचे. पीठ करडं दिसेनासं होईपर्यंत आणि बोटांना कच लागेनाशी होईपर्यंत हेच. मग जाडं मीठ फिरवून धुवायचं. हे टाळलं की चटणी दाताखाली करकरते. पाटा मध्येच खोलगट झाला असेल तर नुसत्या टाकीने भागत नाही. वरवंटा दोन्ही कडांवर टेकतो आणि मधलं वाटण तसंच राहतं. तेव्हा आधी कडा उतरवून पाटा सपाट करून घ्यावा लागतो.

मिक्सर आल्यावर पाटा अंगणात गेला, वरवंटा मात्र बारशासाठी माळ्यावर राहिला. बाजारात संगमरवरी, गुळगुळीत शोभेचे वरवंटेही मिळतात. बारशाला चालतील, खोबरं त्यांच्याने वाटलं जात नाही.