पानिपत आणि कट्ट्यावरचे काका

आज सुट्टीला त्र्यं. शं. शेजवलकरांचं पानिपतावरचं पुस्तक पुन्हा काढलं. डेक्कन कॉलेजच्या या संशोधकाने भाऊसाहेबांची, म्हणजे मराठ्यांचे सेनापती सदाशिवरावभाऊंची बाजू काय ताकदीने मांडलीय! खरी गोम रसदीत. ऑक्टोबर १७६० मध्ये मराठ्यांनी पानिपतच्या उत्तरेचा कुंजपुऱ्याचा किल्ला घेतला आणि थोड्याच दिवसांत अब्दालीने बागपतजवळ यमुना उतरून दिल्लीची वाटच तोडली. अवधचा नवाब शुजाउद्दौला आधीच त्याला मिळालेला, भरतपूरचा राजा सूरजमल जाट मराठ्यांपासून दूर झालेला. म्हणजे निम्मी लढाई राजकारणातच गेली, असं माझं मत.

संध्याकाळी सदाशिव पेठेतल्या कट्ट्यावर हे सांगितलं, तर एक काका उसळलेच, "होळकर निघून गेले म्हणून हरलो!" म्हटलं, काका, तोवर फौज अडीच महिने कोंडलेली, उपाशी होती हो. "ते असू दे, पण एवढे बाजारबुणगे, न लढणारे लोक, सोबत न्यायचेच कशाला?"

आहे कुणाकडे उत्तर?