वासाची वही

एप्रिलची अखेर. बारा वाजून गेले होते, सकाळचा शेवटचा पेशंट बाहेर पडला होता आणि मी डबा उघडणार तेवढ्यात एक काका आणि त्यांची कॉलेजात जाणारी मुलगी आत आली. मुलीच्या हातात मांजराची बास्केट, काकांच्या हातात निळ्या पुठ्ठ्याची वही. खुर्चीत टेकायच्या आधीच काका म्हणाले, "डॉक्टर, हिच्या वासाच्या ग्रंथी काढून टाका. तारीख द्या. नाहीतर ही घरात राहणार नाही."

मुलगी काही बोलली नाही. रडून आली होती हे दिसतच होतं.

बास्केटमध्ये जुन्या टॉवेलच्या घडीत एक फेरेट झोपली होती, मुंगसासारखा लांबट पाळीव प्राणी. नाव चिमी. माझा दवाखाना कोथरूडला; दिवसभर कुत्री आणि मांजरं, अधूनमधून ससे, पोपट. फेरेट वर्षाकाठी हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच येतात. ही मंडळी सदाशिव पेठेतून आली होती. दोन खोल्यांचं घर, वर माळ्यावर पिंजरा, खाली देवघर. तिथे हा वास काय करत असेल ते मला बास्केटचं दार उघडल्यावर लगेच कळलं.

फेरेटला वास असतोच. 1758 साली प्राण्यांना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने फेरेटला आणि त्याच्या रानटी भाईबंदाला नावं दिली तीच मुळी लॅटिनमधल्या दुर्गंधावरून आणि चोरावरून. पण तो वास बहुतेक वेळा लोक समजतात तिथून येत नाही. गुदद्वाराजवळच्या दोन ग्रंथी फेरेट घाबरलं की रिकाम्या करतं. तो भपकारा नाकात झोंबतो आणि काही मिनिटांत विरतो. रोजचा, कपड्यांना चिकटणारा, गोडसर कुबट वास येतो तो कातडीतल्या तेलातून. म्हणजे ग्रंथी काढल्या तरी घरातला वास राहणारच. ब्रिटनमध्ये तर आजारपणाशिवाय ही शस्त्रक्रिया करतच नाहीत.

हे सगळं मी काकांना सांगू शकले असते. आंघोळ कमी करा, अंथरूण धुवा, आणि तारीख न देता परत पाठवलं असतं. दोन वर्षांपूर्वी मी नेमकं तेच केलं होतं. फोनवर एका मुलाने विचारलं, फेरेटला वास फार येतो, काय करू? मी जे सांगितलं त्यातला शब्दन् शब्द बरोबर होता. फक्त नर की मादी, एवढं विचारायचं राहिलं. तीन आठवड्यांनी तो तिला घेऊन आला तेव्हा तिच्या रक्तात तांबड्या पेशींचं प्रमाण 11 टक्के उरलं होतं. निरोगी फेरेटमध्ये ते चाळिसाच्या वर असतं. ती रात्र तिने काढली नाही. तेव्हापासून वासाची तक्रार आली की मी जनावर टेबलावर घेतल्याशिवाय बोलत नाही.

"काका, वहीत काय आहे?"

त्यांनी वही पुढे केली. माणूस बँकेतून निवृत्त झालेला, अक्षर मोत्यासारखं. मुलीला दाखवायला म्हणून त्यांनी वासाची नोंद ठेवायला सुरुवात केली होती. तारीख आणि एक ओळ. '12 मार्च. आज वास नेहमीपेक्षा वेगळा.' '14 मार्च. आंघोळ घातली. रात्री ठीक.' '15 मार्च. परत वास, कालच्याहून उग्र.' '16 मार्च. आंघोळ.' पुढे पानंच्या पानं तसंच. एक दिवसाआड आंघोळ, आणि दर आंघोळीनंतर दुसऱ्या दिवशी वास वाढलेला. मध्येच कापूर जाळल्याची नोंद, धूप घातल्याची नोंद. एप्रिलच्या मध्यावर एक ओळ होती: 'आज खेळली नाही. दिवसभर झोपून.' त्या ओळीखाली काकांनी काही खूण केली नव्हती.

मी '12 मार्च' वर बोट ठेवलं. "त्याआधी असा वास नव्हता?"

"होता, पण सोसवत होता. श्रावणात आणली तेव्हा एवढीशी होती. थंडीभर काही त्रास नाही. मार्चमध्ये एकदम फरक पडला." वासावर चिडलेल्या माणसानेच वासातला बदल इतका नेमका टिपून ठेवला होता.

मानेच्या मागची कातडी धरून चिमीला उचललं. फेरेटला असं धरलं की ती लोंबकळत सैल होते आणि मोठी जांभई देते. तिनेही जांभई दिली, आणि तेवढ्यात मला तिच्या हिरड्या दिसल्या. गुलाबी हव्यात, चुन्यासारख्या होत्या. शेपटीच्या बुंध्याशी दोन्ही बाजूंचे केस विरळ. पाठीच्या कातडीला कोंडा, शाम्पूने कोरडी पडलेली. कानातला मळ विटकरी, म्हणजे नेहमीचा. काळा असता तर कानातल्या गोचिडीसारख्या किड्यांची शंका घेतली असती. मग शेपटी वर केली. योनी भिजवलेल्या हरभऱ्यासारखी टच्च फुगलेली.

"हिची पिशवी काढलेली नाही ना? गर्भाशय, बीजकोश?"

मुलगी म्हणाली, "व्हिडिओत कुणीच तसं काही सांगत नाही."

बरोबरच होतं तिचं. ती बघत होती ते व्हिडिओ अमेरिकेतले. तिथे दुकानात येणारी बहुतेक पिल्लं जेमतेम दीड महिन्याची असतानाच त्यांची नसबंदी करून, वासाच्या ग्रंथीही काढून विकायला येतात. ते लोक माजावर आलेली मादी कधी बघतच नाहीत, मग सांगणार काय? आपल्याकडे हाती येणारं पिल्लू तसं असेल याची काहीच खात्री नसते, आणि विकणारा सांगत नाही.

हे मी त्यांना सांगत होते. 'माज' म्हटल्याबरोबर काकांनी मान वर केली. लहानपण गावात गेलेलं, गोठा पाहिलेला माणूस. "गाय माजावर येते तशी?"

"तशीच. पण गायीचा माज एका दिवसात उतरतो. फेरेटच्या मादीचा नर भेटल्याशिवाय उतरत नाही. दिवस मोठा व्हायला लागला की ती माजावर येते आणि नर नसेल तर महिनोन्‌महिने तशीच राहते. त्या सगळ्या काळात अंगात इस्ट्रोजेन, म्हणजे मादीचं हार्मोन, चढलेलं असतं. माजात कातडीतलं तेलही वाढतं, म्हणून हा वास. आणि तेच इस्ट्रोजेन हाडातल्या मज्जेवर बसतं. रक्त तयार होणं थांबत जातं."

काकांनी वही माझ्या हातातून घेतली आणि 12 मार्चपासून दिवस मोजायला लागले. मोठ्याने नाही, ओठ हलवत. पंचेचाळीस झाले.

रक्त काढलं, एवढ्याशा जिवातून अर्धा मिलीलिटरसुद्धा जपून घ्यावं लागतं. केशनळीत भरून सेंट्रिफ्यूजमध्ये, रक्त गरगर फिरवून पेशी वेगळ्या करणाऱ्या यंत्रात, ठेवलं. ती पाच मिनिटं मला फार जड गेली. मी परत चिमीच्या पोटाकडे बघितलं, कातडीखाली टाचणीच्या टोकाएवढे लाल ठिपके आहेत का ते. ते दिसले असते तर रक्त गोठवणाऱ्या पेशीही संपत आल्या असा अर्थ झाला असता. नव्हते. नळी बाहेर आली: 22 टक्के. पंधराच्या खाली गेलं की आशा फार थोडी उरते. पंचविसाच्या वर असलं की बरंचसं निभावतं. चिमी मधोमध अडकली होती.

भूल देऊन पिशवी काढायची तिची ताकद नव्हती. आधी माज उतरवायचा होता. त्याचं इंजेक्शन माणसांच्याच औषधात मिळतं. मूल होत नसलेल्या बायकांना देतात तेच एचसीजी नावाचं हार्मोन. कर्वे रस्त्यावरचा मेडिकलवाला माझ्या ओळखीचा. दवाखान्यातल्या मुलाला गाडीवर पाठवलं, अर्ध्या तासात कुपी बर्फातून आली. 100 युनिट मांडीच्या स्नायूत दिले. सोबत लोह आणि बी-12. रक्त द्यायची वेळ आली तर म्हणून बाणेरच्या एका माझ्या पेशंटला, धष्टपुष्ट नर फेरेटच्या मालकाला, फोन करून ठेवला. फेरेटमध्ये आपल्यासारखे रक्तगट सापडलेले नाहीत, त्यामुळे कुठल्याही निरोगी फेरेटचं रक्त चालतं. तो म्हणाला, रात्री दोनला सांगा, निघतो. वेळ आली नाही, पण तो फोन ठेवल्यावर माझा हात जरा स्थिर झाला.

मग वासाचं. आंघोळ बंद. तेल धुतलं की कातडी घाईघाईने अजून तेल सोडते. वहीतल्या दर दुसऱ्या ओळीत तेच तर लिहिलेलं होतं. महिन्यातून एकदा पुरे, तीही गरज पडली तर. कापूर आणि धूप तिच्या खोलीत नको, त्या धुराने तिचा श्वास चोंदतो. वास अंगापेक्षा अंथरुणात जास्त मुरतो, म्हणून धुवायचं ते अंथरूण, दर तीन-चार दिवसांनी, सुगंध नसलेल्या पावडरीत. खाल्लेलं तीन-चार तासांत बाहेर पडतं, त्यामुळे शीचा कोपरा दिवसातून दोनदा साफ. खाली रद्दीचा कागद.

खाण्यापाशी अडलं. घर शाकाहारी. चिमीला मिळत होतं कुत्र्याचं बिस्कीट आणि दूध-पोळी. फेरेटला मांसाशिवाय जगता येत नाही. धान्यावर ठेवलं तर शीला घाण येते आणि मूत्रखडे होतात ते वेगळेच. मुलगी बाबांकडे बघायला लागली. काका बराच वेळ गप्प होते. "मांजराच्या पिल्लांचं चिकनचं कोरडं खाणं पाकिटात येतं," मी म्हटलं. "माशांचं नको, त्याने वास वाढतो."

"पाकीट गॅलरीत ठेवीन," काका म्हणाले. "आणि मीच घालीन. हिची परीक्षा आहे."

एक गोष्ट मी दोनदा सांगितली, कारण माळ्यावर पत्रा होता: पिंजरा खाली आणा. फेरेटला घाम येऊन गारवा मिळत नाही, तिशीच्या वर पारा गेला की तिला उष्माघात होऊ शकतो, आणि पुण्याचा एप्रिल चाळिशीला टेकतो. पिंजरा त्याच संध्याकाळी देवघराशेजारच्या भिंतीला आला. काकांनी फोटो पाठवला. लिहिलं काही नव्हतं.

पहिले चार दिवस सूज तसूभर हलली नाही. पाचव्या दिवशी कमी वाटली, आठवड्याने स्पष्ट उतरली. मेच्या मध्यावर रक्त 31 आलं, जूनच्या पहिल्या आठवड्यात 42. मग पिशवी काढली. पोट उघडल्यावर आतल्या अवयवांचा रंग गुलाबी बघितला तेव्हा मी मास्कमागे काहीतरी पुटपुटले, माझ्या मदतनीस मुलीने काय म्हणून विचारलं, आणि मला सांगता आलं नाही.

टाके काढायला आले तेव्हा वही सोबत होतीच. काका आता त्यात वजनही लिहितात. मी पानं उलटली. मेच्या तिसऱ्या आठवड्यापासून 'वास' हा शब्द विरळ होत गेलेला. जूनअखेरीला एकच ओळ: 'वास आहे. तिचा आहे. ठीक.'

परवा काकांचा फोन आला. पाऊस सुरू झालाय, अंथरुणं वाळत नाहीत, ओली राहिली की कुबट येतात, काय करू? किती संच आहेत विचारलं. चार, म्हणाले, आईच्या जुन्या सुती साड्या फाडून केलेत, ट्रंकेत अजून दोन साड्या आहेत. मी म्हटलं, दोन्ही काढा.