तारघरातली सकाळ

ॲलिस स्प्रिंग्ज, ऑस्ट्रेलिया, मंगळवार, रात्रीचे साडेदहा

लेकीची आज सकाळपाळी होती. इथल्या हॉस्पिटलात ती नर्स आहे. पहाटे निघताना ओट्यावर चिठ्ठी ठेवून गेली, ‘आठ वाजता दारात गाडी येईल, स्वेटर घाल, पाण्याची बाटली विसरू नकोस.’ मी घरात एकटी बसून राहीन म्हणून तिनं अर्ध्या दिवसाची टूर ठरवून ठेवली होती. मला वाटलं होतं, चार ठिकाणं बघायची, फोटो काढायचे आणि जेवायला घरी यायचं. आता रात्री डायरी उघडून बसले आहे आणि झोपेचं नाव नाही.

ऑगस्ट म्हणजे इथल्या थंडीची अखेर. सकाळी हात खिशातून बाहेर काढवत नव्हते, अकरा वाजता स्वेटर कमरेला गुंडाळलेला. छोटी बस, आम्ही अकरा जण. गाडी चालवणाराच माहिती सांगणारा, साठीच्या आसपासचा, आवाज शांत. आधी अँझॅक टेकडीवर नेलं. वरून सगळं गाव एका नजरेत मावतं. भोवती मॅकडॉनेल डोंगरांची लाल रांग, दक्षिणेला तिच्यात एकच खिंड, आणि त्या एवढ्याशा फटीतून नदी, हमरस्ता आणि रेल्वे तिघंही अंग चोरून बाहेर पडतात. नदी म्हणजे नुसती वाळू. टॉड तिचं नाव. पात्रात पांढऱ्या खोडांची मोठमोठी झाडं उभी आहेत, म्हणजे पाणी आहे, पण खाली आहे. पावसाळ्याआधी माणदेशात माणगंगा अशीच दिसते.

गाईडनं पहिल्यांदा गावाचं जुनं नाव सांगितलं, म्बांट्वे. ही भूमी अरेर्न्टे लोकांची. समोरच्या डोंगरांच्या वळ्या म्हणजे त्यांच्या पूर्वज सुरवंटांचं अंग आहे, असं ते मानतात. त्यानं हात करून दाखवल्यावर मला खरंच ती अंगं दिसायला लागली. एकामागे एक, वळत वळत चाललेली. पंढरीच्या वाटेवरचा प्रत्येक ओढा, प्रत्येक झाड कुठल्या ना कुठल्या संताच्या गोष्टीला बांधलेलं असतं, तसं इथं प्रत्येक खडकाचं आहे. फरक एवढाच की ह्यांच्या गोष्टी आपल्या कितीतरी आधीच्या.

मग तो म्हणाला, इथून दक्षिणेला ॲडलेड दीड हजार किलोमीटर, उत्तरेला डार्विनही तेवढंच. पुण्याहून दिल्ली गाठायची तर साधारण तेवढंच अंतर, पण आपल्याला वाटेत किती गावं लागतात! इथं वाटेत जवळजवळ कुणीच नाही. लेक मला दर रविवारी फोनवर म्हणायची, ‘आई, तुला इथलं लांब म्हणजे काय ते कळणार नाही.’ आज टेकडीवर थोडं कळलं.

तिथून उत्तरेला चार किलोमीटरवर जुनं तारघर.

गाडीतून उतरले आणि पाय थबकले. बसकी दगडी घरं, रुंद व्हरांडे, अंगणात मोठी झाडं. दगडाचा रंग वेगळा आहे म्हणून, नाहीतर आपल्याकडच्या जुन्या डाकबंगल्यात आल्यासारखं वाटलं असतं. १८७२ साली ॲडलेड ते डार्विन अशी सुमारे ३,२०० किलोमीटर तार ओढली, तिच्यावरचं हे एक ठाणं. कामाचा प्रमुख चार्ल्स टॉड. नदीला त्याचं नाव आणि जवळच्या पाण्याला त्याच्या बायकोचं, ॲलिसचं. तो झरा आहे असं समजून ‘स्प्रिंग्ज’ म्हटलं, प्रत्यक्षात ते नदीच्या पात्रातलं डबकं आहे. वाळूच्या नदीत जिथं पाणी टिकतं ती जागा अरेर्न्टे लोकांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होती.

ही सगळी माहिती मी वहीत टिपत होते, जुनी शिक्षिकेची सवय. मग आम्हाला तारमास्तरांच्या खोलीत नेलं. टेबलावर ते यंत्र. पितळेची पट्टी, काळी गोल मूठ. वही तशीच मिटली.

आप्पा कराडला तार ऑफिसात होते. लहानपणी मी दुपारचा डबा घेऊन जायची तेव्हा खिडकीच्या आतून तो आवाज यायचा, कट्ट, कडकट्ट, कट्ट. मला वाटायचं आप्पा बोटांनी बोलतात. घरीही जेवताना विचारात असले की ताटाच्या कडेवर बोट वाजायचं. आई म्हणायची, ‘अहो, जेवताना तरी कुणाची तार घेऊ नका.’ गल्लीत तार आली की बायका वाचायच्या आधीच रडायला लागत. त्यामुळे आमच्या घराकडे लोक थोडं भिऊनच बघायचे. आप्पा सांगायचे, तारमास्तरानं मजकूर कानातून हातात उतरवायचा, मनात उतरू द्यायचा नाही. त्यांच्या मनात तो उतरायचाच. ज्या दिवशी वाईट तार असायची त्या संध्याकाळी ते घरी न येता आधी कृष्णाकाठी प्रीतिसंगमावर जाऊन बसायचे, हे मला आई गेल्यानंतर कळलं.

गाईड तारेचं काम समजावून सांगत होता. एवढ्या लांब लोखंडी तारेतून वीज जाता जाता क्षीण होते. म्हणून दर अडीचशे-तीनशे किलोमीटरवर एक ठाणं. तिथला माणूस येणारा संदेश ऐकणार, लिहून घेणार आणि पुढच्या ठाण्याला पुन्हा आपल्या हातानं वाजवून पाठवणार. म्हणजे एकेक शब्द हातोहात पुढे सरकायचा. डार्विनहून समुद्राखालच्या केबलनं जावा, मग सिंगापूर, मद्रास, बॉम्बे, एडन, सुएझ आणि शेवटी लंडन. त्याच्या तोंडून ‘बॉम्बे’ ऐकलं आणि माझ्या अंगावर काटा आला. बाकीचे दहा जण पुढच्या खोलीत गेले, मी तिथंच उभी. ह्या वाळवंटात एकट्या बसलेल्या कुणाच्या बोटातून निघालेला शब्द मुंबईत कुणाच्या तरी कानात पडत होता. लोकरीचा भाव, कुणाचं लग्न, कुणाचा मृत्यू. आधी बोटीनं पत्र लंडनला पोचायला महिने लागायचे, तारेनं काही तास. सुरुवातीला वीस शब्दांना जवळपास दहा पौंड पडायचे. आप्पांनी तारेचा मजकूर कापून देण्यात आयुष्य घालवलं. खिडकीशी आलेल्या गरीब माणसाचे दोन शब्द ते आधी खोडायचे, मग पैसे घ्यायचे.

मी गाईडला म्हटलं, माझे वडील तारमास्तर होते. तो माझ्याकडे बघतच राहिला. मग खुर्चीवर बसला आणि मला म्हणाला, फोन काढा, रेकॉर्ड करा. आणि त्यानं काहीतरी वाजवलं. काय ते सांगितलं नाही. म्हणाला, वडिलांना विचारा.

हे एवढंच असतं तर आजचा दिवस मी आनंदाचा म्हणून लिहिला असता.

पण त्याच आवारात आणखी एक खोली आहे. १९३२ साली तारेचं काम गावातल्या नव्या ऑफिसात गेलं आणि ह्या इमारतींत ‘बंगलो’ आला. आई आदिवासी आणि बाप गोरा, अशी मुलं सरकारनं घरातून उचलून आणून इथं ठेवली. १९४२ पर्यंत. मुलींना घरकामाचं शिकवायचं, मुलांना गुरांच्या कामाचं, आईची भाषा विसरायला लावायची. भिंतीवर मुलांचे फोटो आहेत. ओळीत उभी केलेली, उन्हानं डोळे बारीक झालेली. मी पस्तीस वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवलं, वर्गाच्या फोटोत मुलं कशी उभी राहतात ते मला माहीत आहे. कुणीतरी हसतंच, कुणीतरी शेजारच्याला चिमटा काढतंच. ह्या फोटोत मी खूप शोधलं.

२००८ साली पंतप्रधान केविन रड ह्यांनी संसदेत अशा उचलून नेलेल्या मुलांच्या पिढ्यांची देशाच्या वतीनं माफी मागितली. गाईडनं हे सांगताना टोपी काढून हातात धरली होती. मला तो माणूस तिथं फार आवडला. त्यानं गोष्ट हलकी केली नाही, टूर आहे म्हणून गाळली नाही.

बसमध्ये कुणी बोललं नाही. पुढचा थांबा ‘स्कूल ऑफ द एअर’.

१९५१ साली सुरू झालेली ही शाळा. गुरांच्या विराण कुरणांवर राहणारी मुलं, शेजारी म्हणजे शंभर किलोमीटर. अॅडलेड मीथ्की ह्या शिक्षणतज्ज्ञ बाईंच्या डोक्यातली कल्पना की रेडिओ घरोघर आहेच, तर त्यावरूनच वर्ग का भरू नये? आता उपग्रहावरून भरतो. तेरा लाख चौरस किलोमीटरचा पसारा, म्हणजे चार महाराष्ट्र बसतील, आणि पट मात्र आपल्या एखाद्या गावच्या शाळेएवढा. काचेपलीकडे एक तरुण शिक्षिका कॅमेऱ्यासमोर उभी राहून वजाबाकी शिकवत होती, हातवारे करत, मोठ्यानं हसत. समोर रिकामी खोली. पलीकडून एका पोराचा आवाज आला, त्याला उत्तर सांगायचं नव्हतं, त्यांच्याकडे वासरू झालंय ते सांगायचं होतं. बाईंनी वजाबाकी थांबवली आणि वासराचं नाव विचारलं.

मला २०२० आठवलं. नोकरीचं शेवटचं वर्ष माझं. पाचवीचा वर्ग फोनवर. निम्म्या मुलांच्या घरी फोन नाही, उरलेल्यांना रेंज नाही. माझी एक विद्यार्थिनी रोज भावाला घेऊन टेकडावर चढायची, तिथं दोन काड्या यायच्या. वाऱ्याचा आवाज आणि मधूनमधून तिचं ‘बाई, ऐकू येतंय का?’ मीही असाच वर्ग थांबवून तिला विचारायचे, जेवलीस का गं. इथं तेच काम सत्तर वर्षं नीट चाललंय, घरी आई किंवा नेमलेली बाई शेजारी बसून शिकवते, आणि वर्षातून काही आठवडे सगळी मुलं गावात एकत्र येतात. एकमेकांना आवाजानं ओळखणारी मुलं पहिल्यांदा समोरासमोर भेटतात तेव्हा काय होत असेल, हे बघायला मी पुन्हा येईन.

शेवटी फ्लाइंग डॉक्टर. जॉन फ्लिन ह्या पाद्र्यानं १९२८ साली सुरू केलेली विमानातली वैद्यकीय सेवा. ट्रेगर नावाच्या माणसानं पायानं पॅडल मारून वीज करणारा रेडिओ बनवला, म्हणून दूरच्या घरातून डॉक्टरला हाक मारता येऊ लागली. सुरुवातीला तीही मोर्सनंच, म्हणजे तारेच्या त्याच कट्ट-कडकट्ट लिपीत! घरातल्या बायकांना मोर्स येईना, तर त्यानं टाइपरायटरसारख्या कळा बसवल्या, अक्षर दाबलं की त्याचा मोर्स आपोआप. औषधांची पेटी मला सगळ्यात आवडली. प्रत्येक औषधाला नंबर, शरीराच्या चित्रावरही नंबर. कुठं दुखतं त्याचा आकडा सांगायचा, डॉक्टर औषधाचा आकडा सांगणार. आपल्या शुभेच्छांच्या तारांसारखंच. लग्नाला अमुक नंबर, दिवाळीला तमुक. आप्पांना ते आकडे अजून पाठ आहेत.

एक वाजता दारात सोडलं. लेक आल्यावर आम्ही पिठलं-भात केला.

रात्री साडेनऊला, म्हणजे तिकडे साडेपाचला, आप्पांना फोन लावला. चहा चालला होता. शहाऐंशी वर्षं, कान मंद झालेत, भावानं फोन त्यांच्या कानाशी धरला. रेकॉर्डिंग ऐकवलं. पुन्हा ऐकव म्हणाले. तिसऱ्यांदा ऐकून म्हणाले, “वेलकम म्हणतोय. पण ‘सी’ला अडखळतोय. मागाहून शिकलेला हात आहे, नोकरी केलेला नाही.” इतका तरतरीत आवाज मी वर्षभरात ऐकला नव्हता. मग विचारत सुटले, तार किती जाड, खांब लाकडाचे का लोखंडाचे, वीस मैलांवर तुटली तर दुरुस्तीला कोण जायचं. मी जेवढं टिपलं होतं तेवढं सांगितलं.

मग बंगलोचं सांगितलं. सांगावं की नाही असं झालं होतं, पण सांगितलं.

बराच वेळ काही बोलले नाहीत. मला वाटलं फोन तुटला.

“त्या आयांना कुणी कळवलं का गं, पोरं कुठं ठेवलीत ते?”

तारेचं यंत्र तोवर तिथून हललं होतं, हे माझ्या ओठांवर आलं होतं. मी बोलले नाही.

“तारघर होतं ना ते?” आप्पा म्हणाले.