लेसिकच्या आधीची ती अर्धी गोळी

गेल्या आठवड्यात मावसभावाचा फोन आला, त्याचं लेसिक, म्हणजे चष्म्याचा नंबर घालवायचं लेसरचं ऑपरेशन, ठरतंय, आणि त्याने खर्च विचारला नाही, मशीन कुठलं ते विचारलं नाही, पहिला प्रश्न हाच की ताई, झोपवतात ना? मी म्हणलं नाही रे, झोपवत नाहीत. पलीकडे एकदम शांतता. ती शांतता मला चांगलीच ओळखीची आहे, दोन वर्षांपूर्वी मीही तिथेच होते. म्हणून आज हे सगळं एकदा नीट लिहून काढतेय. मी डॉक्टर नाही, पेशंट आहे, त्यामुळे गोळी कुठली आणि किती हे तुमच्याच डॉक्टरांनी ठरवायचं. पण काय विचारायचं असतं हे तरी आधी माहीत असावं, मला ते माहीत नव्हतं आणि त्यापायी माझं ऑपरेशन एकदा टेबलावरून परत आलं.

झालं असं की पहिल्या ठिकाणी (नाव नाही लिहीत) तपासणी वगैरे सगळी व्यवस्थित झाली, नंबर साडेपाच, कॉर्नियाची (डोळ्याच्या पुढच्या पारदर्शक पडद्याची) जाडी चांगली, मग काउन्सेलर मॅडम म्हणाल्या दहा मिनिटांचं काम आहे, काही कळणारसुद्धा नाही. आता "काही कळणार नाही" याचा मी माझ्यापुरता अर्थ लावला की गुंगी देतात. कारण घरात डोळ्याचं ऑपरेशन पाहिलेलं ते आईच्या मोतीबिंदूचं, तिला डोळ्याखाली भुलेचं इंजेक्शन दिलेलं आणि ती म्हणाली होती मला काही दिसलंच नाही. मी मनात तेच धरून गेले. आणि माझं लहानपणापासूनचं असं की डोळ्याजवळ काही आलं की मी घट्ट मिटून घेते, डोळे आले होते तेव्हा औषध घालायला आई आणि काका असे दोघं लागायचे. हे मी कुणाला सांगितलं नाही, कारण कुणी विचारलं नाही. फॉर्मवर शुगर, बीपी, ऍलर्जी सगळं होतं, भीती वाटते का असा रकाना नव्हता.

टेबलावर थेंब घातले, डोळा बधिर झाला, पापण्या उघड्या ठेवणारी क्लिप लावली. दुखलं अजिबात नाही हे खरं आहे. पण पापणी मिटता येत नाहीये ही जाणीव दुखण्यापेक्षा वेगळी असते, ती थेंबांनी जात नाही. त्यानंतर सक्शनची, म्हणजे हवा ओढून चिकटणारी, रिंग डोळ्यावर टेकवतात, डोळा हलू नये म्हणून ती धरून ठेवते, त्या वेळी चांगलाच दाब जाणवतो आणि काही सेकंद समोरचं सगळं अंधारून येतं. हे ठरलेलं असतं, नेहमीचं असतं. पण मला आधी कुणी बोललं नव्हतं, त्यामुळे मला वाटलं डोळा गेला. मी मान मागे ओढली, सक्शन सुटलं. परत लावलं, परत तेच. लेसर अजून चालू व्हायचा होता त्यामुळे डोळ्याला काही झालं नाही, आणि सर्जननी तिथे थांबायचं ठरवलं ते बरोबरच केलं.

पण त्यानंतर बाहेर बसवलं आणि एक सिस्टर गोळी घेऊन आल्या, ही घ्या, पंधरा मिनिटांनी परत करू. कसली गोळी, किती पॉवरची, मी आधी काय घेतलंय, काहीच विचारणं नाही. माझा दादा सोबत होता, तो म्हणाला अहो ही काल रात्री सर्दीसाठी सेट्रिझिन घेऊन झोपलीये, चालेल का? त्याचं उत्तर त्यांच्याकडे नव्हतं. आम्ही घरी आलो. महिनाभर मी हेच धरून बसले की चूक माझी आहे, बाकीच्यांना जमतं मला जमत नाही. त्याचा मला आजही राग येतो. माझ्यावर नाही, त्या पंधरा मिनिटांवर.

दुसऱ्या डॉक्टरांकडे गेले तेव्हा खुर्चीत बसल्या बसल्या आधी हेच सांगितलं. ते हसले नाहीत. त्यांनी पहिली गोष्ट समजावली ती ही, की या ऑपरेशनमध्ये पेशंटने जागं राहणं हा कामाचाच भाग आहे. वर एक दिवा लुकलुकत असतो, त्याच्याकडे तुम्ही बघत राहायचं, म्हणजे डोळा मधोमध राहतो. पूर्ण भूल दिली तर दिव्याकडे बघणार कोण, आणि झोपेत बुबुळ वर सरकतं. डोळ्याखालचं इंजेक्शन दिलं, आईला दिलं तसं, तर डोळाच हलत नाही आणि नजरही लावता येत नाही, शिवाय दहा मिनिटांच्या कामासाठी धडधाकट डोळ्याभोवती सुई घालायची जोखीम कशाला. मशीनला ट्रॅकर असतो, डोळा जरा हलला तर लेसर त्याच्यामागे जातो, फार हलला तर आपोआप थांबतो, पण ट्रॅकर आहे म्हणून झोपलं तर चालेल असं नाही.

थेंबांवर भागतं कसं हेही मी विचारलं. कॉर्नियामध्ये संवेदनेच्या नसा प्रचंड दाट असतात, म्हणून तर कुसळाचा कणसुद्धा डोळ्यात सहन होत नाही, पण त्या वरवर असतात त्यामुळे थेंबांनी झटकन बधिर होतात. ओटीत (ऑपरेशन थिएटरमध्ये) सगळे पॅराकेन म्हणतात ते प्रोपॅराकेनचे थेंब, अर्ध्या मिनिटात काम सुरू आणि साधारण पाव तास टिकतं, लागलं तर परत घालतात. डोळ्यात थेंब घालून भूल देता येते हे १८८४ मध्ये व्हिएन्नाच्या कार्ल कोलर यांनी दाखवलं, तेव्हा ते कोकेनचे थेंब होते. आणि लेसरचं म्हणाल तर १९३ नॅनोमीटरचा एक्सायमर लेसर आजूबाजूला न भाजता पेशींचा अगदी पातळ थर काढतो, हे ज्यांनी शोधलं त्या तिघांपैकी एक आपले मद्रासला जन्मलेले रंगस्वामी श्रीनिवासन, १९८१ मध्ये आयबीएममध्ये काम करताना, आणि प्रयोग केला होता थँक्सगिव्हिंगच्या जेवणातल्या उरलेल्या टर्कीवर! मला हे वाचून फार बरं वाटलं होतं, जळका वास येतो तो डोळा भाजल्याचा नसतो एवढं तरी पक्कं झालं.

म्हणजे दुखण्यासाठी थेंब पुरतात. गोळी असते ती घाबरण्यासाठी. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि सगळा घोळ इथेच होतो, आपण "भूल" म्हणतो त्यात दोन्ही कोंबतो.

गोळ्यांमध्ये नेहमीच्या म्हणजे अल्प्राझोलॅम किंवा डायझेपाम, ऑपरेशनच्या अर्धा ते एक तास आधी. डायझेपाम शरीरात खूप वेळ रेंगाळतं, दुसऱ्या दिवशीही जडपणा वाटू शकतो, अल्प्राझोलॅम त्यामानाने लवकर उतरतं. मिडाझोलॅम शिरेतून देतात, ते लगेच चढतं आणि मधलं आठवतही नाही बऱ्याच जणांना, पण त्याला भूलतज्ज्ञ हवा, बोटाला ऑक्सिजनचा चिमटा लावून सतत लक्ष ठेवावं लागतं, साध्या लेसिकला सहसा एवढं करत नाहीत. बाहेरच्या देशांत काही ठिकाणी जिभेखाली विरघळणारी मिडाझोलॅमची गोळी देतात, लाफिंग गॅसही वापरतात. आणि एक डॉक्टर लोकांचा आवडता शब्द आहे, वोकल लोकल, म्हणजे सर्जनने बोलून बोलून दिलेली भूल. मला आधी वाटलं गंमत करतायत, पण माझ्या बाबतीत गोळीपेक्षा तीच जास्त लागू पडली.

गोळी जास्त झाली तरी पंचाईत होते हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मला वाटायचं जेवढी गुंगी तेवढं चांगलं. पण पेशंट पेंगायला लागला की नजर दिव्यावरून सुटते, "इकडे बघा" म्हणलं तर कळत नाही, क्वचित एखादा शांत होण्याऐवजी उलटा चिडचिडा होतो. म्हणून त्यांनी मला अर्ध्या मिलिग्रॅमच्या अल्प्राझोलॅमची अर्धी गोळी म्हणजे ०.२५ मिलिग्रॅम ठरवून दिली, आणि आधी प्रश्नांची सरबत्ती केली. झोपेची किंवा मानसिक आजाराची गोळी चालू आहे का, खोकल्याचं औषध, सर्दीची गोळी (हो, ती सेट्रिझिन, तिनेही झोप येते, दोन्ही एकावर एक नको), दारू, घोरणं, दमा, दिवस गेलेत का. अंगावर पाजणारी आई असेल तर ऑपरेशनच बहुतेक पुढे ढकलतात कारण नंबर स्थिर नसतो. ही गोळी मेडिकलमध्ये चिठ्ठीशिवाय मागू नका आणि मैत्रिणीच्या घरातली उरलेली तर घेऊच नका, ती उगाच शेड्यूल एच१ मध्ये, म्हणजे चिठ्ठीशिवाय विकता न येणाऱ्या औषधांच्या कडक यादीत, नाहीये, दुकानदाराला रजिस्टरमध्ये तुमच्या डॉक्टरांचं नाव लिहावं लागतं.

अजून एक, संमतीपत्रावर सही गोळीच्या आधी. त्यांनी मला आदल्या दिवशीच वाचायला दिलं. गुंगीत केलेल्या सहीला अर्थ नाही, आणि पैसे, पॅकेज, "मॅडम वरचं मशीन घ्या" हे विषय गोळी घेतल्यावर कुणी काढले तर सरळ नाही म्हणा.

ऑपरेशनच्या दिवशी पावणेदहाला गोळी, साडेदहाला आत. गोळीने भीती गेली नाही, खोटं कशाला बोलू. भीती होती पण ती जरा लांब जाऊन बसल्यासारखी वाटत होती. आणि आत डॉक्टर एक सेकंद गप्प बसले नाहीत. आता क्लिप लावतोय, आता दाब येईल, आता अंधार होईल घाबरायचं नाही, वीस मोजतो, एकोणीस, अठरा. तोच अंधार, तोच दाब, पण या वेळी मला माहीत होतं की तो सातवर आलाय आणि सातनंतर सहा येणार. एका सिस्टरने हात धरलेला, दुसऱ्या हातात मऊ चेंडू. मग लेसरचा टकटक आवाज, तो वास, जेमतेम दहा-पंधरा सेकंद, झालं. दुसऱ्या डोळ्याला जास्त घाबरले होते, कारण आता काय होणार ते माहीत होतं, हे बऱ्याच जणांना होतं म्हणे.

नंतर दादा घरी घेऊन आला, एकटं जाऊ देत नाहीत आणि गाडी तर नाहीच चालवायची. डोळे चुरचुरत होते, पाणी येत होतं, उरलेल्या गुंगीत चार तास झोपले आणि तोपर्यंत बराचसा त्रास निघून गेला. म्हणजे गोळीचा अर्धा फायदा मला नंतर झाला.

स्माइल हा लेसरचा दुसरा प्रकार करणार असाल तर त्यात लेसिकसारखा फ्लॅप, म्हणजे कॉर्नियाचा उचलायचा पातळ पापुद्रा, नसतो, सक्शनचा दाब कमी असतो, पण ते साधारण अर्धा मिनिट सलग असतं आणि मध्ये सुटलं तर अडचण, त्यामुळे तिथे शांत राहणं आणखी महत्त्वाचं. पीआरके, म्हणजे कॉर्नियाचा वरचा थर काढून केलेलं लेसर, असेल तर गोष्ट उलटी, टेबलावर सोपं आणि पुढचे तीन-चार दिवस कठीण, वरचा थर परत येईपर्यंत चांगलंच दुखतं. तेव्हा कितीही दुखलं तरी ते बधिर करणारे थेंब घरी मागू नका, कुणी दिले तरी घालू नका, त्यांनी जखम भरत नाही आणि कॉर्निया खराब होऊ शकतो. दुखण्याची गोळी आणि पट्टीसारखी लेन्स देतात, त्यावरच काढायचे ते दिवस.

आता भावाचं. तो झोपेत इतका घोरतो की वहिनी दुसऱ्या खोलीत झोपते. मी त्याला म्हणलं हे डॉक्टरांना सांग, तो म्हणाला घोरण्याचा डोळ्याशी काय संबंध. सांगितल्यावर त्यांनी झोपेची तपासणी करून घ्यायला लावली, स्लीप ॲप्निया, म्हणजे झोपेत मध्येच श्वास अडकण्याचा त्रास, निघाला, आणि गोळी द्यायला त्यांनी साफ नकार दिला, कारण त्याने झोपेत श्वास आणखी अडकू शकतो. भाऊ खट्टू झाला. मग त्यांनी त्याला आधी एकदा ओटीत नेऊन टेबलावर नुसतं झोपवलं, दिवा दाखवला, मशीनचा आवाज ऐकवला. घरी तो रोज रात्री उताणा पडून झिरोच्या बल्बकडे अर्धा मिनिट एकटक बघतो, मध्ये श्वास न रोखता, आणि वहिनी शेजारी बसून वीसपासून उलटं मोजते. काल म्हणाला आता पंधरापर्यंत छाती धडधडते, मग थांबते. गुरुवारी सकाळी नऊची वेळ आहे, गाडी मी चालवणारे.