चुन्याची घाणी आणि काळी जमीन

१९५०च्या सुमाराच्या बांधकामाची चित्रफीत लागली की नजर टोपल्या वाहणाऱ्या बायांवर जाते. जरा चुना मळायच्या घाणीकडेही बघा. सिमेंट तेव्हा कंट्रोलचं, म्हणजे सरकारी परवान्यावर मिळायचं. आपल्या वऱ्हाडातल्या खेड्यांत जोडाई चुन्यातच. कळीचा चुना (भट्टीतला, न विझलेला) पाण्यानं विझवून चाळायचा, एकास दोन रेती किंवा सुरखी (विटांची पूड) घालायची, पाणी शिंपडत बैलाच्या दगडी चाकाखाली मळायचा. चाळण्यात आळस केला तर न विझलेले खडे मागाहून फुगतात, गिलाव्याला फोड येतात.

पाया मुरूम लागेस्तोवर न्यायचा. काळी माती उन्हाळ्यात भेगाळते, पावसात फुगते, मग भिंत तिरपी तडकते.

खोदाईची मजुरी ब्रासवर, म्हणजे १०० घनफुटांवर. खोली मोजायला खड्ड्यात न खोदलेल्या मातीचा खुंट, माथ्यावरच्या गवतासकट, तसाच सोडत. त्यावर गुपचूप माती चढवली की माप वाढे. म्हणून मुकादम खुंटावरचं गवत आधी तपासे.