मेझ यांचा मंगळवार

मंगळवार, रात्री

आज वार मंगळवार, म्हणून बेंजामिन मेझ आठवले, अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या मोरहाउस कॉलेजचे अध्यक्ष, स्वतःही कृष्णवर्णीय. अटलांटा शहरातल्या या कॉलेजात मंगळवारी सकाळी ते सेल हॉलच्या प्रार्थनागृहात बोलायला उभे राहायचे. समोर सगळी पोरं, कारण हजेरी सक्तीची. अध्यक्ष म्हटलं की आपल्याला संस्थेच्या कार्यकारिणीतला खुर्चीवाला दिसतो. तिकडे कॉलेज चालवणाराही तोच आणि देणग्या मागत हिंडणाराही तोच.

मेझ मूळचे बॅप्टिस्ट पाळक, म्हणजे चर्चचे धर्मगुरू. या ख्रिस्ती पंथात वर बिशप नसतो. पाळक नेमणं, त्याचा पगार, त्याला घालवणं, सगळं त्या-त्या चर्चच्या सभासदांच्या हातात. अर्पण कमी पडलं की झळ थेट पाळकाच्या घरात. 1921 ते 1924 मेझ अटलांटातल्या शायलो बॅप्टिस्ट चर्चमध्ये पाळक होते आणि त्याच काळात मोरहाउसमध्ये गणितही शिकवत. पुढे 1933 साली त्यांनी जोसेफ निकल्सन यांच्यासोबत कृष्णवर्णीयांच्या 609 शहरी आणि 185 ग्रामीण चर्चची पाहणी छापली. भक्तीच्या विषयावरच्या पुस्तकात कर्जाचे हिशेब! मला त्यांच्यातला अध्यक्ष तिथेच दिसतो.

1940 मध्ये ते अध्यक्ष म्हणून मोरहाउसला आले तेव्हा कॉलेजच्या पैशाच्या नाड्या अटलांटा विद्यापीठाकडे होत्या. तिजोरी दुसऱ्याकडे असली की प्राध्यापक नेमतानाही तोंड बघावं लागतं. मेझ यांनी आधी थकलेल्या फीचा पिच्छा पुरवला. पोरांनी त्यांचं नाव 'बक बेनी' पाडलं (बक म्हणजे डॉलर), त्यात ही वसुलीही आली. हळूहळू अंदाजपत्रक परत कॉलेजच्या हाती आलं. मग दुसऱ्या महायुद्धाने वर्ग ओस पाडले. तोडगा म्हणून शाळा पुरी न झालेली हुशार मुलं प्रवेश परीक्षा घेऊन भरली. 1944 मध्ये पंधरा वर्षांचा मार्टिन ल्यूथर किंग आला तो याच दाराने.

मंगळवारच्या बोलण्यात हिंदुस्थानही यायचा. 1936-37 च्या हिवाळ्यात मेझ वर्ध्याला गांधीजींशी दीड तास बोलले होते. अहिंसा म्हणजे मुकाट सोसणं नव्हे, हे त्यांनी नीट समजून घेतलं, पण जातिव्यवस्थेवरच घाव का नाही, हेही विचारलं. त्याच दौऱ्यात म्हैसूरकडे दलित मुलांच्या एका शाळेत मुख्याध्यापकांनी त्यांची ओळख करून दिली, 'हे अमेरिकेतले अस्पृश्य.' मेझ आधी चपापले, रागही आला. मग त्यांना ते पटलं.

भाषण संपल्यावर किंग मागोमाग जाऊन एखादा मुद्दा धरून हुज्जत घालायचा. पुढे दोघांत ठरलं होतं, जो मागे राहील त्याने दुसऱ्याच्या अंत्यविधीला बोलायचं. 9 एप्रिल 1968 ला मोरहाउसच्या आवारात, सत्तरी ओलांडलेले मेझ बोलायला उभे राहिले. तोही मंगळवारच होता.