रविवार : काळाराम, सिन्नर, येवला

रात्रीचे साडेअकरा वाजलेत आणि पाय दुखतायत, पण आज लिहूनच झोपायचं, उद्या ऑफिस सुरू झालं की निम्मं डोक्यातून जातं.

मामांनी आधीच सांगून ठेवलेलं की यावेळी वणी नाही शिर्डी नाही, आपल्याच जिल्ह्यातलं जे आपण जाता-येता नुसतं बोर्डावर वाचतो ते बघायचं. मामा तोफखान्यात होते, ट्रेनिंग नाशिकरोडच्या आर्टिलरी सेंटरला झालेलं, त्यामुळे सहा म्हणजे सहा. मी, आई, मामी आणि मामा. थंडी मरणाची. आईने घरातून निघताना कपाटातली तिची लग्नातली पैठणी मलमलच्या कापडात गुंडाळून पिशवीत घातली, येवल्याला जायचंच आहे तर विणकराला दाखवू म्हणाली.

पहिला थांबा गोल्फ क्लब. सगळं नाशिक अजून गोल्फ क्लबच म्हणतं, नाव आहे हुतात्मा अनंत कान्हेरे मैदान. सकाळी ट्रॅकवर चालणाऱ्यांची ही गर्दी. २१ डिसेंबर १९०९ ला विजयानंद थिएटरमध्ये कान्हेरेंनी कलेक्टर जॅक्सनला गोळ्या घातल्या तेव्हा वय जेमतेम सतरा-अठरा, आणि १९ एप्रिल १९१० ला ठाण्याच्या तुरुंगात फाशी. त्यांच्यासोबत त्याच दिवशी कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे पण फासावर गेले. कान्हेरेंचं नाव निदान मैदानाला आहे, बाकीच्या दोघांची नावं त्या ट्रॅकवरच्या किती जणांना सांगता येतील देव जाणे. मामा म्हणाले, "चल, तीन नावं लिहून घे आधी." म्हणून दिवसाच्या नोंदी तिथनं सुरू झाल्या.

मग पंचवटी, काळाराम. इतक्या सकाळी गर्दी नव्हती, दर्शन निवांत झालं. पेशवाईत सरदार रंगराव ओढेकरांनी बांधलेलं, सगळा काळा दगड, रामशेज किल्ल्याच्या बाजूचा. लहानपणापासून येतोय पण आज दर्शन झाल्यावर आम्ही बाहेरून पूर्ण चक्कर मारली आणि एकेका दरवाजाशी थांबलो. २ मार्च १९३० ला बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली इथे दलितांना मंदिरात प्रवेश मिळावा म्हणून सत्याग्रह सुरू झाला, दादासाहेब गायकवाड आणि हजारो माणसं, बाया पण होत्या, चारही दरवाजांवर तुकड्या-तुकड्यांनी बसायचे आणि दरवाजे आतून बंद. एक-दोन दिवस नाही, हे पाच वर्षं चाललं. आई एका उंबऱ्याजवळ बराच वेळ उभी राहिली आणि म्हणाली, पाच वर्षं माणसं इथे उन्हात बसली आणि आत आरत्या चालू होत्या. मला ते ऐकून कसंतरी झालं, आरतीचा आवाज बाहेर येतच असणार ना. पाच वर्षं.

मिसळ खाऊन सिन्नरकडे.

गोंदेश्वर मी फोटोत शंभर वेळा बघितलंय पण प्रत्यक्षात त्या आवारात शिरल्यावर आपोआप आवाज खाली येतो आपला. उंच चौथरा, मधे शंकराचं मोठं देऊळ आणि चार कोपऱ्यांत चार छोटी, पार्वती, गणपती, विष्णू आणि सूर्य, समोर नंदीचा मंडप, म्हणजे पूर्ण पंचायतन. यादवांच्या काळातलं, साधारण बाराव्या शतकातलं. सिन्नर तेव्हा यादवांची राजधानी होती, पाचव्या भिल्लमाने नंतर ती देवगिरीला नेली. लोक सरसकट हेमाडपंती म्हणून सोडून देतात पण हेमाडपंत हा यादवांचा मंत्री तेराव्या शतकातला, देऊळ त्याच्याही आधीचं. शिखराकडे बघत राहिलं की मोठ्या शिखराच्या अंगावर ओळींनी छोटी छोटी शिखरं रचलेली दिसतात, खालून वर लहान लहान होत जाणारी, आणि प्रत्येकावर परत कोरीव काम. जमिनीवरून कुणाला दिसणार पण नाही इतक्या वर. तरी केलंय. पाथरवटाने तिथे पण हात आखडता घेतला नाही.

आवारात एक जोडपं प्री-वेडिंग शूट करत होतं, फोटोग्राफर त्यांना एका खांबाला टेकून उभं करत होता आणि मुलीच्या शालूची जर त्या कोरीव कामात अडकत होती. मामींनी जाऊन प्रेमाने सांगितलं की बाई टेकू नका, आठ-नऊशे वर्षं टिकलंय ते. मुलगी लगेच बाजूला झाली, चांगली होती बिचारी.

आता जे खरं लिहायचंय ते. सिन्नर सोडल्यावर शिर्डी रोडने निघालो आणि मामा एका फाट्यावरून आत वळले, त्यांच्या कुठल्यातरी जुन्या सोबत्याचं गाव. गावाचं नाव इथे टाकत नाही. मारुतीच्या देवळामागे बाभळीखाली चार-पाच दगड कलंडून पडलेले, निम्मे मातीत, दोघांना शेंदूर फासलेला, एकावर कुणीतरी ओली गोणपाटं वाळत घातलेली. वीरगळ. म्हणजे लढाईत मेलेल्या माणसाचं स्मारक, आपल्या खेड्यापाड्यातलं सगळ्यात जुनं वॉर मेमोरियल म्हणलं तरी चालेल. बहुतेकांवर अक्षर नसतं. खालच्या चौकटीत लढाई, त्याच्या वरच्या चौकटीत अप्सरा त्याला स्वर्गात नेतायत, त्याच्यावर तो शंकराच्या पिंडीसमोर हात जोडून बसलाय, आणि अगदी वर कलश, बाजूला सूर्य आणि चंद्र, म्हणजे चंद्र-सूर्य असेपर्यंत याची आठवण राहो.

मी आणि आई फोटो काढत होतो. मामा मात्र गुडघ्यावर बसले, पाण्याची बाटली ओतून रुमालाने खालची चौकट पुसली आणि वाचायला लागले, खरंच वाचायला, आपण पेपर वाचतो तसं. "हा बघ, हा आपला, पायी आहे. समोरचा घोड्यावर. ढाल वर धरलीय म्हणजे वार वरून येतोय. आणि मागे हे काय आहे, गुरं आहेत. म्हणजे हा राजाच्या लढाईत नाही मेला, गावची गुरं कुणी पळवून नेली ती सोडवायला गेलेला." मी जवळ जाऊन बघितलं तर खरंच, तीन गायी, एकीचं शिंग तुटलेलं. मी मघाशी फोटो काढताना तिथे नुसता उंचवटा बघितला होता. मामांनी त्याच्या पायाकडे बोट दाखवलं, एक पाय पुढे रोवलेला, टाच वर. म्हणाले, हा पळणारा पाय नाही.

शेजारच्या दगडावर कोपरात वाकलेला हात, मनगटात बांगड्या. सतीशिळा, म्हणजे नवऱ्यामागे सती गेलेल्या बाईचा दगड. मामींनी त्यावरची गोणपाटं काढून घडी करून बाजूला ठेवली आणि म्हणाल्या, "याला तरी लढायला जायचं का नाही ते ठरवता आलं असेल. तिला कुणी विचारलं असेल का गं?" कुणी काही बोललं नाही. मला वाटतं त्या प्रश्नाला उत्तर नाहीच, आणि त्या दगडाला नुसता नमस्कार करून पुढे जाणं मला जमलं नाही.

गाडीत मामा बराच वेळ गप्प होते, मग आपणहून कारगिलचं बोलायला लागले, जे ते कधी बोलत नाहीत. त्या लढाईत आपल्या तोफखान्याने अडीच लाखांच्या आसपास गोळे-रॉकेटं डागली असं सगळीकडे छापून आलंय. "तोफेचं नाव सगळ्यांना पाठ आहे, बोफोर्स. गोळा भरणारे कोण होते ते कुणी विचारत नाही. रात्रभर भरायचे पोरं, हात सोलून निघायचे." एवढंच बोलले. मी फोनमध्ये लिहून घेतलं आणि त्यांना दाखवलं, त्यांनी मान हलवली, राहू दे म्हणाले.

कोपरगावमार्गे येवल्याला पोचेपर्यंत दीड वाजून गेला. आधी मुक्तिभूमी. १३ ऑक्टोबर १९३५ ला इथल्या परिषदेत बाबासाहेबांनी सांगितलं की हिंदू म्हणून जन्माला आलो ते माझ्या हातात नव्हतं पण हिंदू म्हणून मरणार नाही. सकाळी काळारामाचे दरवाजे बघून दुपारी इथे आल्यावर ते वाक्य पुस्तकातलं राहत नाही. पाच वर्षं वाट बघून मग बोललेलं आहे ते. आणि त्यानंतरही एकवीस वर्षं घेतली त्यांनी, अभ्यास केला, विचार केला, मग १९५६ ला नागपूर. आईने तिथे फुलं वाहिली. एक आजी नातवाला घेऊन आलेल्या, पोरगं प्रश्नावर प्रश्न विचारत होतं आणि आजी एकेकाचं न कंटाळता उत्तर देत होत्या.

तात्या टोपे पण येवल्याचे, मूळ नाव रामचंद्र पांडुरंग. १८ एप्रिल १८५९ ला शिवपुरीला फाशी. सकाळचे कान्हेरे १९ एप्रिल, हे १८, मधे एक्कावन्न वर्षं. नाशिक जिल्ह्याने हे दोन दिवस लागोपाठ पाळायला पाहिजेत असं मला मनापासून वाटतं.

मग नागडे गाव. येवल्यात तर घरोघरी पैठणीचे माग आहेतच, खत्री, साळी, कोष्टी, मोमीन अशी पिढ्यान्पिढ्या विणणारी घरं, रघोजी नाईकांनी येवला वसवलं तेव्हा विणकर आणून ठेवले असं सांगतात, पण नागडे, बल्हेगाव अशा आजूबाजूच्या खेड्यांत पण माग चालतात. मामांच्या ओळखीतल्या एका घरी गेलो. पुढच्या खोलीत जमिनीत खड्डा, त्यात पाय सोडून काका मागावर बसलेले, काकू शेजारी तिल्ल्या, म्हणजे धागा गुंडाळायच्या छोट्या कांड्या, भरत होत्या. रेशीम बंगळुरूकडून, जर सुरतेहून, रंग देऊन, ताणा म्हणजे उभे धागे लावून, मग धाग्याला धागा सांधत बसायचं. पदरावरचे मोर, मुनिया म्हणजे छोटे पोपट, असावली म्हणजे फुलांची वेल, हे छापलेलं किंवा भरलेलं नसतं, एकेका रंगाची वेगळी तिल्ली घेऊन धागे मोजून हातानेच घालायचं, म्हणून पदर मागून पुढून सारखा दिसतो. मागे लोंबते धागे दिसले की समजायचं हे मशीनचं काम. २०१० ला जीआय टॅग म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालं तरी बाजारात नकली पैठण्या भरमसाट आहेत आणि त्याचा मार सरळ या खोलीत बसतो. एकेका पैठणीला महिने जातात आणि तीन दिवसांत निघणाऱ्या साडीसोबत तिची किंमत करतात लोक, मला हे अजिबात पटत नाही.

आईने पिशवीतून तिची पैठणी काढली. काकांनी हात धुतले, पुसले, मग घेतली. पदर उलटा केला, खिडकीकडे धरला, नखाने एका बाजूने दुसऱ्या बाजूला आले आणि म्हणाले, "दोघांनी विणलाय हा पदर. डावीकडचा ठोका घट्ट आहे, उजवीकडचा थोडा हलका. उजवीकडे बाई असेल नाहीतर नवं पोरगं शिकत असेल." आईच्या लग्नाला छत्तीस वर्षं झाली. छत्तीस वर्षं ती पैठणी कपाटात आहे, लग्नकार्यात नेसलीय, मी स्वतः दोनदा नेसलेय, आणि दोन माणसं शेजारी शेजारी बसून तो पदर विणत होती हे आम्हाला आज कळलं. आई रडायलाच लागली. काकूंनी पाणी दिलं.

मला मामाच आठवले, चिखलातला दगड पुसून वाचणारे. ज्याने ते काम केलंय त्यालाच त्या कामातला माणूस दिसतो, आम्ही बाकीचे नक्षी बघतो. मी काकांना विचारलं, तुम्ही विणलेल्या साडीवर तुमचं नाव कुठे असतं का? म्हणाले नाही, व्यापाऱ्याच्या दुकानाचं असतं. मग मी वहीत दोघांची नावं लिहून घेतली, काकूंचं पण, त्यांनी लाजत स्वतःच्या हाताने लिहिलं. इथे टाकत नाही, त्यांना विचारलेलं नाही. पण धाकट्या मामेबहिणीच्या लग्नाची पैठणी तिथेच सांगून आलोय आणि मामींनी अट घातलीय की आतल्या टोकाला दोघांची नावं विणून द्यायची. काका म्हणाले असं कुणी मागितलं नव्हतं आजवर, बघतो कसं बसतंय ते.

येताना विंचूर, निफाड, द्राक्षबागा, शेतात कांद्याची लागवड चाललेली, घरी पोचायला साडेआठ.

मघाशी दहा वाजता मामांचा फोन आला. त्यांनी त्या गावातल्या सोबत्याशी बोलून घेतलंय, २६ जानेवारीच्या ग्रामसभेत वीरगळांचा विषय घ्यायचा, दगड उभे करून देवळाच्या कडेला ओट्यावर लावायचे, वर पत्रा, आणि शेंदूर लावणं थांबवायचं. सिमेंटमध्ये गाडू नका हे पण लिहायला सांगितलंय. अर्ज मी लिहून देणार आहे. चौकटींचं वर्णन मामा सांगतील तसंच्या तसं घालायचं, गायींसकट. फोटो आहेत पण सतीशिळेची उंची मोजायची राहिलीय, मामी म्हणतायत त्यासाठी परत जाऊ, त्या येणारच आहेत.